लेडीज खिडकी

आचऱ्याच्या खाडीकडे पाठ करून
पत्र्याचं थेटर उभं होतं.
अकरा वर्षं मी तिथल्या लेडीज खिडकीत बसले,
हात तेवढा बाहेर, तोंड आत.
एक रुपया साठ. सुटे द्या. पोर मांडीवर घ्या.

घंटा झाली की पेटीला कुलूप लावून
मीही आत शिरायची, मागच्या भिंतीला टेकून उभी.
खुर्ची माझ्या पगारात बसत नव्हती.

पडद्यावर माणसं काय काय कारणांनी जवळ यायची!
एकानं मित्रांशी पैज लावलेली.
एक बहिणीचा सूड उगवायला आला
आणि चौदाव्या रिळात खरोखरच प्रेमात पडला.
जिला बंगला हवा तिचे केस मोकळे, हातात ग्लास,
म्हणजे आम्हाला आधीच कळावं.
जिला काहीच नको ती देवळात भेटायची.
मग रानातलं खोपटं, दोरीवर ओले कपडे,
आणि कॅमेरा हळूच शेकोटीकडे वळायचा.
पुढून शिट्ट्या,
बायकांच्या बाकांवर खोकल्याची साथ.
तुला हवंय का, असं त्या खोपटात
कुणी कुणाला विचारल्याचं मला आठवत नाही.

रोझलिन फर्नांडिस तीन तिकिटं काढायची.
ती, तिची जाऊ, आणि मधली खुर्ची रिकामी.
नवरा मस्कतला. पाय ठेवायला लागते, म्हणायची.
पाय मात्र कधी ठेवले नाहीत.

हेमलता खवणेकरीण बर्फाच्या उधारीपायी
कारखान्यातल्या मेथराशी हसते, असं बाजार म्हणे.
मी पाहिलंय ते एवढंच :
पडद्यावर एक विधवा पुन्हा बांगड्या भरत होती,
हेमलता तिच्याकडे बघत होती
आणि मेथर हेमलताच्या हातांकडे.
काट्यांनी चिरलेले, बर्फानं सुजलेले हात.
त्यानं खिशातून खोबरेलाची बाटली काढली.
तिनं अंधारात दोन्ही तळवे पुढे केले,
तीर्थ घ्यावं तसे नाही,
पावती घ्यावी तसेही नाही.
उधारी फिटली की वाढली, मला माहीत नाही.

माझं विचाराल तर
मी मशीनवाल्या जनार्दन पेडणेकराशी लग्न केलं
कारण त्याच्या दारातली विहीर गोड होती.
आमच्या वाडीत वैशाखात भातसुद्धा खारट शिजे,
डोक्यावर हंडा, दीड मैल वाळू.
एकदा त्याच्या दारी ओंजळभर पाणी प्यायले
आणि घोट खाली उतरायच्या आत ठरवलं.
त्याला हवी होती, दिसत नसलेल्या आईसाठी
तांदळातले खडे वेचणारी कुणीतरी.
त्यानंही लपवलं नाही.
या गोष्टीवर कुणी पिक्चर काढणार नाही,
शिट्टी कुठे मारायची तेच कळणार नाही.

सहा वर्षं दिवा विझवून होत राहिलं ते झालं.
मग एका रात्री फिल्म तीनदा तुटली,
लोकांनी त्याच्या आयशीपर्यंत शिव्या घातल्या.
घरी येऊन तो विहिरीवर हातांचा चिकट काढत बसला,
मी पोहऱ्यानं पाणी ओतत होते.
ते त्याच्या कोपरावरून ओघळलं
आणि त्या घरात पहिल्यांदाच
मला पाण्याखेरीज काहीतरी हवंसं झालं.
आत गेल्यावर तो वातीशी वाकला.
दिवो रवांदे, मी म्हटलं.

थेटरात आता जाळी ठेवतात.
खिडकीतून मांजर ये-जा करते, फुकट.
पलीकडे कोळंबीची तळी झाली
आणि आमच्या विहिरीला मचूळ चव आली,
मग सरळ मीठच.
नळाला एक दिवसाआड पाणी येतं.

परवा तो पायरीवर बसून म्हणाला,
पाणी खारा झाला, आता कित्याक रवलंस?
चौदा रिळं उलटून गेली तरी
मला एक धड संवाद सुचला नाही.
हात तेवढा पुढे केला, सवयीनं.
सुटे द्या, म्हटलं.